सातवं कलम

सातवं कलम टाइप केलेलं नव्हतं.
समासात, निळ्या शाईत,
खांबेटेकाकांचं तिरकं अक्षर:
मांस, मासे, अंडी जिन्यातसुद्धा आणू नयेत.
मी सही केली.
कर्वेनगरात एवढ्या भाड्यात
गॅलरी मिळते कुठे?

पाच महिने दोडका, वांगी, मुगाची उसळ.
सहाव्यात, राजाराम पुलाच्या सिग्नलला
जिभेच्या कडेला एकदम पाणी सुटलं.
बांद्याचा बाजार. दोरीवर चोरिसांची माळ,
आई एकेक मणी दाबून बघणारी.
चोरीस! नावातच चोरी,
मग काय करणार?
म्हटलं, कलमाला धक्का न लावता
वासापर्यंत तरी जाऊन येऊ.

सोयाबीनचा चुरा गरम पाण्यात टाकला.
फुगला, आणि ओल्या पुठ्ठ्यासारखा वास आला.
आईला फोन.
ती हसली. मग गप्प झाली. मग म्हणाली, पीळ.
अजून पीळ.
पाणी राहिलं तर मसाला आत शिरायचा नाही,
लग्नातल्या रुसलेल्या पाहुण्यासारखा
दारातच बसून राहील.
पंच्यात बांधून पिळला, मनगटं दुखेपर्यंत.
अक्रोड भरड कुटले, चरबीच्या जागी
(हा शब्द त्या घरात मी मनातच उच्चारला).
बेडगी, लसूण, जिरं, मिरी,
चार लवंगा, बोटभर दालचिनी,
सगळं माडाच्या शिरक्यात वाटलं.
बाटली गावाहून आणलेली,
परकराच्या घडीत गुंडाळून.
जिना चढण्याआधी कलम पुन्हा वाचलं होतं:
शिरक्याचा उल्लेख नाही.

रात्रभर मुरला.
सकाळी लालभडक, पण मुका.
धूर हवा होता.

कोपऱ्यावर इस्त्रीवाल्या सोपानकडे
एक निखारा मागितला.
त्यानं चिमट्यानं वाटीत टाकला,
कशाला, विचारलं नाही.
वाटी परत आणा, एवढंच म्हणाला.
चुऱ्यात वाटी, निखाऱ्यावर तेलाचा थेंब,
वर झाकण, झाकणावर वरवंटा.
मग बिडाचा तवा.
आणि आईचा दुसरा फोन:
हलवू नको गो बाय, खालून धरू दे.
हात पाठीमागे बांधून उभी राहिले,
वर्गाबाहेर काढल्यासारखी.
कडा काळ्या झाल्या, तळ कुरकुरला,
लाल तेल बाजूला सरलं,
आणि वास गॅलरीतून वर गेला, खाली गेला,
जिन्यात तर गेलाच.

बेल.

काकांच्या हातात करारनामा नव्हता,
चेहऱ्यावर होता.
काय शिजतंय?
मी सोयाबीनची रिकामी पिशवी पुढे केली,
अक्रोडाची टरफलं,
पोलिसांपुढे मुद्देमाल मांडावा तशी.
त्यांनी काहीच बघितलं नाही.
नाक किंचित वर. डोळे मिटलेले.
शिरका माडाचा आहे, ते म्हणाले.
विचारलं नाही. म्हणाले.

तुम्हाला कसं...

त्यांनी जिन्याकडे पाहिलं.
वर काकूंचा कुकर शिट्टीला आलेला.
मडगाव शाखा, आवाज खाली आणून म्हणाले,
एकोणऐंशी ते ब्याऐंशी.
बाकी काही नाही.
जुन्या दुखण्याचं सांगावं तसं,
नुसतं साल.

पावाच्या तुकड्यावर चमचाभर दिला.
उभ्यानंच खाल्ला, उंबऱ्याच्या बाहेर,
चपला न काढता.
किती वेळ चावत होते.
मी त्यांच्या कानाजवळ हलणारं हाड बघत राहिले.
जवळ आलंय, म्हणाले. पोचलं नाही.
ओठ रुमालानं पुसले,
लाल बाजू आत ठेवून घडी घातली,
खिशात टाकली, खिसा दाबून पाहिला.

दोन पायऱ्या चढून थांबले.
लवंग एक कमी घाला.
आणि पुढच्या वेळी बुधवारी करा,
बुधवारी ही भजनी मंडळात असते.